साठ वर्षांची नवी शाळा

दोह्याच्या मदिनत खलीफा भागातल्या एका व्हिलात दोन वर्षांपूर्वी निघालेल्या शाळेला यंदा साठ वर्षे पूर्ण होत होती. या चमत्काराचे स्पष्टीकरण साधे होते. इंग्लंडातली ऑल्डरब्रूक नावाची सरकारी माध्यमिक शाळा बंद पडली, पाडली गेली, तिच्या जागी सुपरमार्केट उभे राहिले. आणि तिचे नाव, पितळी घंटा व गुणवंतांचा लाकडी फलक इथल्या मालकांनी खरेदी केला. ज्यांना भूतकाळ नसतो त्यांना तो हल्ली कंटेनरने मागवता येतो.

इतिहास लिहिण्याचे काम अनुजाकडे आले. ती इतिहासातली पीएच.डी., नवऱ्याच्या कॉन्ट्रॅक्टमागे दोह्याला आलेली.

"मॅडम, एकदम शाही लिहा," प्राचार्य फुजैल म्हणाले. "भिंतभर, सोनेरी अक्षरांत. वाचतंय कोण? लोक पुढं उभं राहून फोटो काढतात."

अनुजा जुन्या विद्यार्थ्यांच्या आठवणी वाचत बसे. बाहेर धूळ तरंगत असे. आत एसीच्या गुणगुणीत तिला धुक्यातले पटांगण दिसे, आणि डॉक्टरांची, खाणकामगारांची, बेकरीवाल्याची मुले एकाच फाटकातून हळूहळू आत येताना दिसत. त्या तंद्रीत तिने अक्षम्य गोष्ट केली. जे खरे होते, तेच लिहिले. फुजैल यांनी ते न वाचता मंजूर केले.

भिंतीच्या उद्घाटनाला रबिया आली. नवरा मेसईदच्या खत कारखान्यात. मुलगी इनाया इथल्या सहावीच्या प्रवेशपरीक्षेत दोनदा नापास. आता नाही म्हणाले, तर पोरीला घेऊन रत्नागिरीला परतायचे, असे घरात ठरले होते.

"फुजैलभाई, घ्या ना पोरीला."

"इथं सर म्हणा, भाभी. टेस्ट म्हणजे टेस्ट. साठ वर्षांची परंपरा आहे आमची."

"असं? इनाया, वाच गो भिंतीवर, कसली परंपरा ती."

इनायाने खणखणीत इंग्रजीत वाचले. ऑल्डरब्रूकने प्रवेशपरीक्षा कधीही घेतली नाही. परिसरातल्या प्रत्येक मुलासाठी तिचे दार उघडे होते.

"मम्मी, नो टेस्ट! दे टुक एव्हरीबडी!"

बखूर धूपाच्या धुरातून पालकांचे मोबाइल वर झाले. संध्याकाळपर्यंत अल सद्दमधल्या प्रत्येक बिल्डिंगच्या ग्रुपवर ती भिंत पोचली.

"मॅडम, हे काय लिहून ठेवलंत?"

"इतिहास."

"खरवडून टाका! खलास!"

"टाकू या. पण मग शाळा दोन वर्षांची होईल, सर. फी साठ वर्षांची आहे."

फुजैल यांनी पितळी घंटेवरची धूळ रुमालाने पुसली. दुसऱ्या दिवशी परीक्षा रद्द झाली.

सत्राच्या पहिल्या सकाळी हवा दुधाळ होती. त्या धुरकट उजेडातून ड्रायव्हरांची, कॅशियरांची, इंजिनिअरांची मुले एकाच फाटकातून आत येत होती, आणि आपण हे आधी पाहिले आहे असे अनुजाला वाटत होते. इनायाचा टाय सरळ करून रबिया अनुजाजवळ आली.

"शुक्रन, मॅडम. पोरीचं भलं झालं." मग तिने रांगेकडे पाहिले आणि आवाज खाली आणला. "पण हे काय, सगळ्यांनाच घेतलं? छोटीशी टेस्ट तरी ठेवायची होती. स्टँडर्ड राहतं हो. नाहीतर पुढच्या वर्षी दुसरीकडे बघावं लागेल."

ऑल्डरब्रूक का ओस पडली, हे सांगणारे, त्या आठवणींतले तिथल्या एका आईचे वाक्य अनुजाने भिंतीवर जागा नाही म्हणून गाळले होते. आज ते तिला रत्नागिरीच्या उच्चारात पुन्हा ऐकू आले.