मागील सभेचे इतिवृत्त

पोलादपूरच्या सावित्री खोरे महाविद्यालयाच्या अहवालात पान एकशे बारावर एक वाक्य होते : 'माजी विद्यार्थी संघटनेची सभा दर तीन महिन्यांनी नियमित होते.' हे वाक्य दीक्षाचे नव्हते. तिने ते पाच वर्षांपूर्वीच्या अहवालातून जसेच्या तसे उचलले होते. त्या अहवालाच्या लेखकांनी ते कुठून उचलले, हे सांगायला ते आता नोकरीत नव्हते.

दीक्षा कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायची, कंत्राटावर. शिवाय ती गुणवत्ता कक्षाची समन्वयक होती, कारण एक्सेल नीट येणारी ती एकटीच होती. गुरुवारी मूल्यांकन समिती येणार होती. या वेळी 'ब' श्रेणी मिळाली नाही तर रसायनशास्त्राचा पदवी वर्ग बंद करण्यात येईल, असे विद्यापीठाचे पत्र आले होते. वर्गात एकतीस विद्यार्थी होते. त्यांतल्या एकोणीस मुली डोंगरावरच्या वाड्यांतून यायच्या. वर्ग बंद झाला असता तर त्यांना महाडला जावे लागले असते, म्हणजे बहुतेकींना घरीच बसावे लागले असते. दीक्षाचे कंत्राटही संपले असते, पण तिने केलेल्या तोट्यांच्या यादीत ते दुसऱ्या क्रमांकावर होते.

"वर्षाला चार, पाच वर्षांच्या वीस सभा," ती प्राचार्यांना म्हणाली. "इतिवृत्त कुठंय सर?"

प्राचार्य अरविंद सरांनी चष्मा काढून पुसला. "सभा झाल्या असत्या तर इतिवृत्त असतं ना."

"मग?"

"मग तुम्ही सायन्सच्या आहात, मॅडम. व्यवस्थित कराल."

दीक्षाला ते पटले नाही. पण एकोणीस हा आकडा तिच्या डोक्यात होता. तिने दोन दिवसांत वीस सभांचे इतिवृत्त तयार केले, आणि वाईट वाटत असतानाही काम चोख केले. हजेरी दर वेळी सारखी दिसू नये म्हणून फासे टाकून आकडे घेतले. नावे कॉलेजच्या जुन्या रजिस्टरातून उचलली. सगळ्याच सभा यशस्वी झालेल्या बऱ्या दिसत नाहीत, म्हणून शेवटची, मार्चमधली सभा 'गणपूर्तीअभावी तहकूब, अर्ध्या तासाने त्याच जागी पुन्हा सुरू' अशी दाखवली. ती फाइल तिला इतकी खरी वाटू लागली की एका सभेला आपणच उशिरा पोचलो होतो, असे तिला उगाच आठवले.

राहिले होते माणसांचे. वेळापत्रकात गुरुवारी अडीच ते दोन पंचावन्न 'माजी विद्यार्थ्यांशी संवाद' होता. त्यासाठी निदान पंधरा माजी विद्यार्थी हवे होते, आणि ते सगळे मुंबईत नोकरीला. दीक्षाने दीपेशला फोन लावला. कुडपणचा दीपेश कॉलेजचा जुना विद्यार्थी. भिवंडीला गोदामात सुपरवायझर होता, आणि कुडपण ग्रामस्थांच्या मुंबई मंडळाचा सचिवही.

"वर्किंग डेला कोण येणार, मॅडम?" तो म्हणाला. मग जरा थांबून, "बरं, मी बघतो. नोटीस काढतो."

"कसली नोटीस?"

"सभेची. नोटीस काढली की येतात. आमच्यात गैरहजर राहिला तर पुढच्या सभेत उभं राहून सांगायला लागतं ना, का नाय आला ते. त्यापेक्षा लोकं रजा टाकतात."

दीक्षाला ही पद्धत आवडली. तिने अधिक विचारले नाही, आणि विज्ञान शिकलेल्या माणसाने अशा वेळी विचारायला हवे असते.

गुरुवारी दोन वाजता कॉलेजच्या फाटकात दोन टेम्पो ट्रॅव्हलर आणि एक जीप उभी राहिली. दीक्षाने मोजले : त्रेचाळीस माणसे. पुढे पांढरी टोपी घातलेले सत्तरीचे गोमाजी, काखेत जाड रजिस्टर. मागोमाग येसूबाई, त्यांच्याबरोबर सात बायका.

"दीपेश, हे सगळे आपल्या कॉलेजचे?"

"अठरा जण हायत."

"आणि बाकीचे?"

"बाकीचे मंडळाचे. नोटीस मंडळाच्या लेटरहेडवर काढली ना. गोमाजी बाबा आमचे अध्यक्ष. अध्यक्षाशिवाय सभा कशी भरवणार?"

"बाबा, तुम्ही किती शिकलात?" दीक्षाने आशेने विचारले.

"चौथी," गोमाजी म्हणाले. "पण पास हाय."

"समितीला फक्त इथं शिकलेले लागतात हो. बाकीच्यांनी लायब्ररीत बसलं तर? चहा तिकडे पाठवते."

"गो पोरी," येसूबाई म्हणाल्या, "सभेची नोटीस देऊन बोलवायचं नि च्या पाजून बाहेर बसवायचं, ह्ये कुठल्या गावात असतं? माझी नात हाय तुझ्या वर्गात. सारिका. माझं काय नातं नाय काय ह्या कॉलेजाशी?"

दीक्षाने शिपायाला जास्तीच्या खुर्च्या आणायला सांगितले. त्रेचाळीस माणसे सेमिनार हॉलमध्ये बसली.

अडीचला समिती आली. तिघे जण होते. समितीप्रमुख इंदूरचे निवृत्त प्राध्यापक, घरी मराठी बोलणारे, सभ्य आणि थकलेले. सकाळपासून त्यांनी सात सादरीकरणे पाहिली होती. ते खुर्चीत टेकले आणि म्हणाले, "आमच्यासाठी वेगळं काही करू नका. तुमची नेहमी सभा होते तशीच चालू द्या. आम्ही नुसते बघतो."

या एका वाक्याने पुढचे सगळे झाले.

"मग हजेरी," गोमाजी म्हणाले. रजिस्टर फिरू लागले. ते समितीप्रमुखांपुढे आले तेव्हा त्यांनी, दिवसभर जिथेतिथे करत होते तशी, न बघता सही केली.

"विषय एक. मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करणे. सभा कॉलेजची, तर इतिवृत्त बी कॉलेजचं. कुठं हाय?"

"फाइलमध्ये आहे," अरविंद सर घाईने म्हणाले. "वाचलं असं धरू या."

"धरू कसं? वाचल्याबिगर कायम होत नाय."

"बरोबर आहे," समितीप्रमुख म्हणाले. आज प्रथमच ते सरळ बसले होते. "वाचा ना, मॅडम."

दीक्षाने फाइल उघडली. आपण लिहिलेले आपण ज्यांच्याबद्दल लिहिले त्यांच्यासमोर वाचायचे, हा प्रसंग कुठल्याच पाठ्यपुस्तकात नव्हता. तिने वाचायला सुरुवात केली. 'श्री. दीपेश यांनी ग्रंथालयाच्या वेळा वाढवाव्यात, अशी सूचना मांडली.'

सगळे दीपेशकडे वळले. दीपेश छताच्या पंख्याकडे बघत होता.

'या सूचनेस श्री. सोमा यांनी अनुमोदन दिले.'

तिसऱ्या रांगेतून सोमा उठला. "ही कवाची सभा?"

"यंदाच्या मार्चची."

"मार्चात मी दुबयला होतो. जूनला आलो." तो बसता बसता पुन्हा उठला. "पण वेळा वाढवायला पायजेत, ह्ये बरोबर हाय. मी असतो तर ह्येच बोललो असतो."

"पुढं वाच, पोरी," गोमाजी म्हणाले.

"'गणपूर्तीअभावी सभा अर्धा तास तहकूब...'"

"थांब. तारीख सांग."

दीक्षाने तारीख सांगितली. गोमाजींनी बोटांवर हिशेब केला. "शिमग्याचा तिसरा दिवस. शिमग्यात गणपूर्ती नाय? शिमग्यात आख्खी मुंबय गावात असते. पालखीला खांदा लावायला जागा मिळत नाय, एवढी माणसं. अख्ख्या वर्षात गणपूर्ती होते तीच त्या चार दिवसांत."

दीक्षाने फासे टाकून हजेरी ठरवली होती, पण तिने पंचांग पाहिले नव्हते.

"ह्ये इतिवृत्त कायम करता येत नाय," गोमाजी म्हणाले. "आमच्याकडं पद्धत हाय. ज्याची चूक त्यानं सभेत उभं राव्हायचं, काय झालं ते सांगायचं. सांगितलं की मिटलं. पुन्हा कोणी काढायचं नाय."

समितीप्रमुखांनी पेन खाली ठेवले. अरविंद सर बाटलीतले पाणी पीत होते. बाटली रिकामी झाल्यावरही पीत राहिले.

दीक्षा उभी राहिली. "सभा झाल्या नाहीत," ती म्हणाली. "एकही नाही. वीसच्या वीस मी लिहिल्या. वर्ग बंद होऊ नये म्हणून लिहिल्या, पण लिहिल्या मीच."

"अक्षर चांगलं हाय का?" गोमाजींनी विचारले.

"टाइप केलंय."

"बरं. मिटलं. लिव रे."

दीपेशने लिहिले. मग पुढच्या रांगेत खुर्ची करकरली. अरविंद सर उभे राहत होते. त्यांना बराच वेळ लागला. "मी सांगितलं होतं त्यांना," ते म्हणाले. "मॅडम नको म्हणत होत्या."

"म्हणजे पुरतं नको म्हटलं नव्हतं," दीक्षा म्हणाली. तिला नोंद अचूक हवी होती.

"दोघांचं मिटलं. लिव."

दीक्षाने घड्याळाकडे पाहिले. तीन वाजून दहा. श्रेणी गेली, एकतीस गेले, असा हिशेब तिच्या मनात पूर्ण झाला होता. समितीप्रमुख निघायच्या बेताने उठले.

"बसा जरा," येसूबाई म्हणाल्या. "शेवटचा विषय ऱ्हायलाय. आयत्या वेळचे विषय."

ते बसले.

"तुमची कमिटी मागं पाच वर्सांपूर्वी आलेली. तवा लिहून गेलेली, मुलींसाठी वसतिगृह पायजे म्हणून. आमच्या मंडळानं जागा दिली, ठराव केला, तुमच्या हापिसाला दोन पत्रं घातली, पुढं काय करायचं म्हणून. दीपेश, नंबर वाच."

दीपेशने रजिस्टर मागे उलटून दोन जावक क्रमांक वाचले, तारखांसह. रजिस्टर्ड पोस्टाच्या पोचपावत्या पानाला चिकटवलेल्या होत्या. दीक्षा पुढे झुकून बघत राहिली. इतका नीट पुरावा तिने कॉलेजच्या तीनशे पानांत कुठेही पाहिला नव्हता.

"उत्तर नाय," येसूबाई म्हणाल्या. "माझी नात पाचला उठून डोंगर उतरते. त्याचं काय झालं?"

समितीप्रमुखांनी शेजारच्या सदस्याकडे पाहिले. सदस्याने लॅपटॉपवर शोधले आणि मान हलवली.

"त्या वेळी मी नव्हतो," समितीप्रमुख म्हणाले. "समिती वेगळी होती."

"आमच्यात पण अध्यक्ष बदलतात," गोमाजी शांतपणे म्हणाले. "माझ्या आधीच्या अध्यक्षानं पाण्याचा पाइप चुकीचा टाकला. उभा मी राव्हलो."

हॉलमधली त्रेचाळीस माणसे वाट बघत होती. त्यांना कसली घाई नव्हती. त्यांनी पूर्ण दिवसाची रजा टाकली होती. मग इंदूरचे निवृत्त प्राध्यापक हळूहळू उभे राहिले.

"शिफारस आम्ही केली," ते म्हणाले. "तिचं पुढे काय झालं, ते आम्ही बघत नाही. तशी पद्धतच नाही आमच्याकडे. पत्रांना उत्तर द्यायला हवं होतं."

"मिटलं," गोमाजी म्हणाले. "लिव. आणि पद्धत नसंल तर घालून घ्या. आम्ही पण घातलीच."

सभा चार वाजून वीस मिनिटांनी संपली. पंचवीस मिनिटांच्या ठिकाणी एक तास पन्नास मिनिटे, दीक्षाने सवयीने नोंदले.

दीड महिन्याने निकाल आला. श्रेणी 'ब', काठावर. अहवालात माजी विद्यार्थ्यांवर दोन वाक्ये होती : 'संघटनेच्या सभांच्या नोंदी विश्वासार्ह नाहीत. माजी विद्यार्थी विश्वासार्ह आहेत.' सुधारणांच्या यादीत मुलींचे वसतिगृह पहिल्या क्रमांकावर होते, आणि कंसात मंडळाचे दोन जावक क्रमांक. रसायनशास्त्राचा वर्ग राहिला. दीक्षाचे कंत्राट एक वर्षाने वाढले.

त्यानंतरच्या महिन्यात कॉलेजच्या पत्त्यावर समितीप्रमुखांचे पत्र आले, गुणवत्ता कक्षासाठी. दीक्षाने ते उघडले तेव्हा दीपेश आणि गोमाजी वसतिगृहाच्या जागेचे कागद घेऊन तिथेच बसले होते. तिने मोठ्याने वाचले. कुडपण मंडळाच्या पुढच्या सभेची नोटीस आपल्याला मिळाली, आपण सदस्य कसे झालो हे आधी कळले नाही, मग ते रजिस्टर आठवले. गुडघ्याच्या शस्त्रक्रियेमुळे सभेला येता येत नाही, तरी रजा मंजूर व्हावी. सोबत डॉक्टरांचे प्रमाणपत्र जोडले होते.

दीपेशने गोमाजींकडे पाहिले. गोमाजींनी प्रमाणपत्र हातात घेतले, उजेडात धरून शिक्का नीट बघितला आणि घडी घालून रजिस्टरात ठेवले.

"यावेळची मंजूर," ते म्हणाले. "शिमग्याला मात्र यायला सांग. तवर गुडघा बरा होतो."