अण्णांचा पिठाचा डबा

शांतिअण्णांच्या पिशवीत एक वेळ पुस्तक नसेल, पण ज्वारीच्या पिठाचा डबा असतोच. अण्णा निपाणीचे, इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक. जुन्या शिलालेखावर पीठ चोळलं की झिजलेली अक्षरं उठून दिसतात, म्हणून हा थाट. देशाच्या इतिहासावरची त्यांची पुस्तकं कॉलेजात लागली, पण जीव सगळा आपल्या सीमाभागाच्या इतिहासात. त्यांच्या पत्नी आक्का होत्या तोवर म्हणायच्या, आमच्या घरात भाकरी दगडं खातात.

त्यांचं पालुपद एकच, "आधार काय?" माझ्या लग्नाची पत्रिका द्यायला गेलो, तर पोरगी खुशीनं हो म्हणाल्याला आधार काय, हे विचारून घेतलं. आक्का गेल्यावर ते घरात एकटेच उरले, म्हणून जेवायला बोलवायला गेलो, तेव्हाही भूक लागल्याला आधार काय म्हणून दार लावून घेतलं.

त्यांचं नवं पुस्तक शेवटच्या प्रकरणाशी अडलं होतं. खानापूरच्या जंगलपट्ट्यातल्या एका गावात वीरगळ आहे, लढाईत मेलेल्या वीराचा दगड. त्यावरचं नाव हवं होतं. नेमकं त्याच दगडावरून गावात वरच्या आणि खालच्या आळीची जुंपलेली. वीर आमचाच पूर्वज, म्हणून जत्रेचा पहिला निवद आमचाच, असं दोघांचंही म्हणणं. जत्रा दुसऱ्या दिवशी होती. निवाड्याला अण्णांना बोलावलं आणि मी, त्यांचा जुना विद्यार्थी, त्यांना मोटारसायकलवरून घेऊन गेलो.

दोन्हीकडच्या लोकांच्या हातांत काठ्या होत्या. अण्णांनी मात्र सावकाश पीठ चोळलं आणि दगडाला नाक लावून बसले. दगडावरचं जुनं कन्नड त्यांच्याशिवाय तिथं कुणालाच वाचता येत नव्हतं. मी फोटोसाठी फोन काढला, तेवढ्यात त्यांनी ओल्या टॉवेलानं सगळं पीठ पुसून टाकलं.

"नाव झिजलंय. आधार मिळंपतोर दोन्ही आळींनी मिळून निवद दावायचा."

कुणी हलेना. मग खालच्या आळीतल्या एका म्हाताऱ्यानं काठी खाली ठेवली आणि माझा जीव भांड्यात पडला.

परतताना नंदगडजवळ चहाला थांबलो. नाव झिजल्याला आधार काय, असं मी त्यांना विचारलं.

"झिजलं न्हाय रं, लख्ख हाय," अण्णा म्हणाले. "लांबच्या मुलखातला गडी. ह्या गावची गुरं सोडवताना मेला. दोन्ही आळींचा कोण न्हवं त्यो."

"मग पुस्तकाचं काय, अण्णा?"

"ऱ्हाऊ दे. खरं सांगिटलं असतं, तर उद्यापास्नं त्याला निवद कोण दावणार? मागं कोणच नसलं की लई वंगाळ असतंय रं."

आज जेवायला आमच्याकडंच चला, म्हणालो. अण्णांनी आधार विचारला नाही. डबा पिशवीत टाकला आणि मागं येऊन बसले.