अस्थिर उमेदवार

लेखी परीक्षेत पहिल्या आलेल्या मैत्रेयी वाघमारेला मुलाखतीत वीसपैकी दोनच मार्क आपण का दिले, हे हेमंत घरतांना काही केल्या आठवेना. आणि तिच्या याचिकेवर हायकोर्ट नेमकं तेच विचारत होतं.

शिरगावच्या घरात ते सकाळपासून येरझारा घालत होते.

"शेरा काय मारलेला?" बायकोने, संध्याने, विचारलं.

"अस्थिर."

"म्हणजे?"

"खुर्चीत हलत होती सारखी. एवढंच आठवतंय."

"मग बाकीच्या दोन साहेबांना विचारा ना."

"त्यांनी माझ्याच कागदात बघून लिहिलं."

सरकारी वकील म्हात्रे फोनवर म्हणाले, "मार्क किती द्यायचे ते कोर्ट ठरवत नाय, साहेब. पण कशावरून दिले, ते विचारणार. प्रतिज्ञापत्र करा. नाहीतर नोकरीवर येईल."

काही आठवलं तर बरं, म्हणून हेमंतराव ऑफिसातल्या मुलाखतीच्या खोलीत गेले आणि उमेदवाराच्या खुर्चीवर बसून लिहू लागले. पहिली ओळ होते न होते तोच ते डावीकडे सरकले, मग उजवीकडे. तिसऱ्या ओळीला उठून उभेच राहिले.

दारात जनू शिपाई शांतपणे बघत होता. "ढेकूण हायेत तिच्यात, साहेब."

"कधीपासून?"

"लय दिवस झाले. चांगल्या खुर्च्या तुमच्या बाजूला लावल्या होत्या."

हेमंतरावांच्या डोळ्यांसमोर तो दिवस लख्ख उभा राहिला. सगळेच उमेदवार हलत होते. एकच तेवढा दगडासारखा बसला होता. तो कॅम्प तीनच्या बाजारातली जाड जीन्स घालून आला होता. त्याला अठरा मार्क मिळाले होते.

"खुर्ची जाळून टाक," ते म्हणाले.

म्हात्रेंना कळल्यावर त्यांनी उलट हुकूम दिला. "पुरावा हाय तो. कुलपात ठेवा."

खुर्ची कुलपात गेली, पण ढेकूण काही कुलपात राहिले नाहीत. शेजारी आस्थापना विभाग होता. दोन दिवसांत तिथला एकही माणूस स्थिर राहिला नाही. कुलपात नेमकं काय ठेवलंय, अशा रोज चौकशा होऊ लागल्या, तसे हेमंतराव वैतागले आणि खरं तेच लिहून मोकळे झाले: माझं मत चुकलं, ती मुलगी अस्थिर नव्हती, खुर्चीत ढेकूण होते.

न्यायमूर्तींनी ते वाचून चष्मा काढून पुसला. आम्ही मार्क देणार नाही, पण मुलाखत उमेदवाराची व्हायला हवी, खुर्चीची नव्हे, असं म्हणून त्यांनी नव्या समितीपुढे सगळ्यांच्या फेरमुलाखतीचा आदेश दिला.

मैत्रेयी निवडली गेली. अंबरनाथहून रोज येऊ लागली. महिनाभरात वर्षानुवर्षं तुंबलेल्या फायली हलल्या, कारण ती स्वतःच त्या घेऊन टेबलाटेबलाशी जाऊन उभी राहायची.

एके दिवशी हेमंतरावांनी तिला गाठलं. "त्या दिवशी तुम्हाला फार त्रास झाला असेल. ढेकणांचा."

"नाही, सर. मला ते दिसले होते. मी अगदी टोकाला बसले होते. एकही चावला नाही."

"मग हलत का होता?"

"मला एका जागी बसवतच नाही, सर. लहानपणापासून. आई तर वैतागलीय." आणि उत्तराची वाट न बघता ती पुढच्या टेबलाकडे निघूनही गेली.

रात्री जेवताना हेमंतराव म्हणाले, "संध्या, माझं मत बरोबर होतं गं."

"मग जा," तिने भात वाढला, "कोर्टात सांगून या."

हेमंतराव खाली मान घालून भात कालवू लागले.