रंभाबाईंचा पंधरा अंशांचा चढ

मुळशीतल्या एका टेकडीच्या माथ्यावर पाण्याची टाकी आहे आणि पायथ्याला रंभाबाईंचं घर. आपल्या शेळ्यांना पाणी मिळावं म्हणून रंभाबाईंनी टाकीपासून घरापर्यंत नळ मागितला. पाणी वरून खाली येणार होतं. पण सरकारी कचेरी असल्या अफवांवर विसंबत नाही. आधी कोन निश्चित व्हावा लागतो.

कोन काढायला इंद्रजित नावाचे तरुण अभियंते आले. नकाशावरचं आडवं अंतर त्यांनी टेपनं मोजलेल्या तिरक्या अंतरानं भागलं आणि आलेल्या आकड्यावर व्यस्त कोसाइनचं बटण दाबलं. उत्तर आलं पंधरा अंश.

"अधिक पंधरा. म्हणजे टाकीपासून तुमच्या घरापर्यंत चढ आहे."

"आरं बाबा, टाकी वर हाय! जरा मान वर करून बघ की."

"उतार असता तर उत्तर ऋण आलं असतं, आजी."

खरं तर चढ असो की उतार, कोसाइन तेवढंच येतं, आणि ते बटण ऋण कोन कधी दाखवतच नाही. पण खात्रीसाठी इंद्रजितच्या साहेबांनी, अण्णासाहेबांनी, फेरतपासणी केली. म्हणजे तेच बटण पुन्हा दाबलं. पुन्हा पंधरा आले आणि शंकेला जागा उरली नाही.

आता चढावर पाणी न्यायचं तर पंप हवाच. चांगला दांडगा पंप माथ्यावर बसला. उद्घाटनाला अण्णासाहेबांनी कळ दाबली आणि रंभाबाईंच्या दारातली तोटी जी उडाली, ती बावधनच्या दिशेनं गेली म्हणतात. मागची भिंत वाहून गेली. बोकड न्हाऊनमाखून छपरावर पोचला आणि तिथून भाषणाला उत्तर देऊ लागला.

रंभाबाई ओलेत्यानं कचेरीत गेल्या. "लई नुसकान झालंय सायेब. भरपाई द्या."

"टाकीपेक्षा उंचावरच्या घरात पूर येईलच कसा?" अण्णासाहेबांनी विचारलं. मग ते एकदम गंभीर झाले. "पण थांबा. इतक्या उंचावर घर? टेकडीवर बांधकामाला बंदी आहे!"

"मी टेकडीवर ऱ्हाती व्हय? मग टाकी कुटं हाय?"

"ती सखल जमीन. तिथं बांधकामाला आमची हरकत नाही."

हे एका बिल्डरच्या कानावर पडताच टाकीशेजारी बारा मजली इमारत उभी राहिली. 'टेकडीवरचा मोकळा वारा' अशी जाहिरात झळकली आणि हिंजवडीची मंडळी हां हां म्हणता राहायला आली.

रंभाबाईंचं घर पाडलं. नवऱ्यानं स्वतःच्या हातानं लिंपलेली चूल ढिगाऱ्यात गेली, तेव्हा त्या शिव्या द्यायच्याही विसरल्या. फार वाईट दिवस होता तो.

मात्र कचेरी निर्दय नाही. टेकडीवरून हटवलेल्यांचं पुनर्वसन जवळच्या सखल जागी करावं, असा नियम आहे. जवळची सखल जागा म्हणजे तीच बारा मजली इमारत. त्यामुळे, इमारतीतल्या रहिवाशांनो, तुमच्या पोडियम गार्डनमधलं जास्वंद खाणाऱ्या शेळ्यांवर वॉचमनला सोडू नका. त्या रीतसर आल्या आहेत.

तक्रार जरूर करा. अण्णासाहेब एकच प्रश्न विचारतील: तुम्ही टेकडीवर राहता की पायथ्याला? टेकडीवर म्हणालात तर इमारत पाडावी लागेल. पायथ्याला म्हणालात तर शेळ्या राहतील.

काय म्हणालात? पायथ्याला ना? मग सकाळी दार उघडून बाहेर पडताना जरा जपून. उंबऱ्यात लेंड्या असतात.