खोटं न खपणारा टेप

भिमाजी आप्पांनी रेकॉर्डचं लाल बटण दाबलं, घसा खाकरला आणि पहिल्याच वाक्याला थाप मारली.

"आमच्या दारात रोज सकाळी मोर यायचा. आजबी येतोय."

साल शहाण्णव असेल. पाटसकडच्या साखर कारखान्यातून टाइमकीपर म्हणून रिटायर होऊन आप्पांना सहा महिने झाले होते. खुटबावच्या पारावर त्यांच्या गोष्टींना आता गिऱ्हाईक उरलं नव्हतं, घरोघरी टीव्ही आले होते. मग आप्पांनी शिरूरला स्टँडमागच्या मीरासाहेब रेडिओवाल्याकडून हा जुना टेपरेकॉर्डर आणला. गोष्टी कॅसेटमध्ये भरायच्या आणि पुण्याला दिलेल्या लेकीकडे, तेजश्रीकडे, पाठवायच्या. नातवंडं तरी ऐकतील. टेप हातात देताना मीरासाहेब म्हणाले होते, "आप्पा, येकच सांगतो. ह्याला खोटं खपत न्हाई. खोटं बोललात, तर हे ते खरं करून ठेवतंय." आप्पा नुसते हसले. आपल्यापुढं कुणी थाप मारावी, याचंच त्यांना कौतुक वाटलं होतं.

आणि आता कौलांवर काहीतरी धपकन उतरलं. आप्पांनी दारातून वर पाहिलं. मोर!

"कस्तुरा! अगं, मोर आलाय!"

"मग? रोजचाच हाय की," कस्तुराबाई चुलीपुढून म्हणाल्या. "हाकला त्याला, मिरच्या वाळत घातल्यात."

शहाणा माणूस इथंच थांबला असता. आप्पांना मात्र हुरूप आला. त्यांनी मिशी कानापर्यंत असल्याचं सांगितलं आणि चहा प्यायला गेले, तर मिशीची दोन्ही टोकं कपात बुडाली. "तीस वर्सं सांगतीय, कापा म्हणून," कस्तुराबाई करवादल्या. आप्पांनी आनंदानं मिशी पिळली आणि पारावर गाजलेल्या आपल्या लग्नाच्या गोष्टीला हात घातला.

"अकरा पोरी बघितल्या. अकराच्या अकरा नापसंत केल्या. मग इनामगावची कस्तुरा बघितली. तिलाबी नकोच म्हणलो..."

पुढचं वाक्य होतं, 'पण तिच्या बापानं पाय धरले, मग मला दया आली.' आप्पा ते बोललेही. पण तोवर लाइट गेली होती आणि ते टेपमध्ये भरलंच नाही.

आत भाकरीची थापथाप थांबली. आप्पा चुलीपाशी गेले. चूल थंडगार होती, राखसुद्धा नव्हती. तेजश्रीच्या लग्नाचा फोटो होता तिथं खताच्या दुकानाचं कॅलेंडर लटकत होतं. आप्पा धावत शेजारच्या रंभाकडं गेले.

"रंभे, आमची मंडळी कुठं हाय?"

"तुमची मंडळी? आप्पा, तुम्ही तर जन्माचे सडे. ऊन लागलं का काय?"

लाइट संध्याकाळशिवाय येणार नव्हती. आप्पांनी टेप टॉवेलात गुंडाळला, चौफुला गाठला आणि मिळेल त्या एसटीनं शिरूरला पोहोचले.

"मीरासाहेब, बायको गेली!"

"अल्ला! कवा?"

"तशी न्हाई हो. आलीच न्हाई!"

सगळं ऐकून मीरासाहेबांनी कपाळावर हात मारला. "सांगितलं व्हतं मी. आता त्याच जागी खरं भरा. पार पैल्यापास्नं. ज्यानं बटन दाबलं त्यालाच जुनं आठवतं, बाकीच्यांना न्हाई. म्हणून तुम्हालाच भरावं लागंल."

आप्पांनी दुकानात नजर फिरवली. बाकड्यावर नेमके सोपानराव बसले होते. कारखान्यात आप्पांच्या शेजारच्या टेबलाला वीस वर्षं काढलेले आणि त्या अकरा पोरींची गोष्ट शंभरदा ऐकलेले.

"ह्यांच्यादेखत?"

"मग उद्या या."

"उद्या? घरात चूल थंड पडलीय, मीरासाहेब!" आप्पांनी कॅसेट मागं घेतली आणि स्वतःच बटण दाबलं. "मोर कधी आला न्हाई. येकदा शेजारची कोंबडी आलती. मिशी उगवली तेवढीच हाय. मी अकरा पोरी बघितल्या, अकराजणींनी मला नापसंत केलं."

सोपानरावांच्या हातातली बिडी खाली पडली.

"बारावी कस्तुरा. ती हो म्हणली. का म्हणली, ठाव न्हाई. तीस वर्सांत इचारायचा धीर झाला न्हाई."

घरी पोहोचले तेव्हा कौलांतून धूर निघत होता. "कुठं उलथला व्हता दिवसभर? कालवण गार झालं," कस्तुराबाईंनी तोंडसुख घेतलं. इतकं गोड आप्पांना कधी काही लागलं नव्हतं. डोळे पुसून त्यांनी सगळी हकीकत सांगितली आणि शेवटी विचारलं, "कस्तुरा, तू हो का म्हणलीस गं?"

"बघायला आलात तवा तुम्ही भेदरून येक अक्षर बोलला न्हाई. नाव इचारलं तरी मान खाली. मला वाटलं, माणूस कमी बोलणारा हाय, जल्म निवांत जाईल." कस्तुराबाईंना हसू आवरेना. "खोटं खरं करतंय व्हय हे? बघू तरी." लाइट आली होतीच. त्यांनी बटण दाबलं. "आमचे मालक लई कमी बोलत्यात."

आप्पांनी उत्तर द्यायला तोंड उघडलं. "हं," एवढंच बाहेर आलं.

पहिला दिवस कस्तुराबाईंना स्वर्ग वाटला. दुसऱ्या दिवशी त्यांनी मुद्दाम आमटी खारट केली, तरी आप्पांचं "हं." तिसऱ्या दिवशी रंभा म्हणाली, "मावशी, तुमचं घर पैल्यापास्नंच मुकं." चौथ्या दिवशी आप्पा भिंतीकडं बघत बसले होते, आणि भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक कस्तुराबाईंना सोसवेना. त्यांनी टेप पुढं ओढला, कॅसेट मागं घेतली.

"आमचे हे लई बोलत्यात. थापा मारत्यात. आन् मला ते आवडतंय."

"थापा कोण मारतंय?" आप्पा उसळून म्हणाले. "अगं, त्या मोराची गोष्ट..."

"सांगा की," कस्तुराबाई पदरानं डोळे टिपत पाट ओढून बसल्या. "बटन तेवढं दाबू नका."

कस्तुराबाईंनी टेपमध्ये भरलेलं शेवटचं वाक्य, 'मला ते आवडतंय', मुळात खरं होतं की खोटं, हे आप्पांनी कधी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी ती कॅसेट काढून त्यांनी तिच्या कडेचे दोन प्लास्टिकचे तुकडे मोडून टाकले, म्हणजे त्या वाक्यावर पुन्हा कुणाला काही भरता येणार नाही.