ढवळ्यांचा ळ

या प्रकरणात आमच्या ह्यांना काय मिळणार होतं, ते आधी मांडते. पैसा नाही, कारण तो मागायची ह्यांची हिंमत नाही. मिळणार होती एक सुटलेली केस. आजवर ह्यांनी चार केसेस घेतल्या. दोन आपोआप सुटल्या, एक पोलिसांनी सोडवली आणि चौथीतलं हरवलेलं मांजर आमच्याच जिन्याखाली व्यालं.

स्वतःची ओळख हे अशी करून देतात: "नीलकंठ उमाळकर. रेल्वेच्या पार्सल ऑफिसात एकतीस वर्षं. अक्षर पाहून माणूस ओळखतो, माणूस पाहून गुन्हा." त्या एकतीस वर्षांत बिलासपूरऐवजी भुसावळला पोचलेल्या पार्सलांबद्दल मी काही बोलत नाही.

शनिवारी सकाळी यामिनी आली. पंडरी बाजारातल्या ढवळे वस्त्रभांडारवाल्या गंगाधररावांची सून. चांगली नोकरी सोडून तिनं घरीच डिझाइनचं काम सुरू केलं होतं, आणि पहिलं मोठं काम सासऱ्यांचंच आलं: तेलीबांध्याच्या नव्या दुकानाचा बोर्ड, चार-चार फुटांची स्टीलची अक्षरं. अट एक. अक्षर दुकानाच्या जुन्या कापडी पिशवीवरचंच पाहिजे. चार वाजेपर्यंत अक्षरं कापणाऱ्या सिलतऱ्याच्या कारखान्यात फाइल गेली नाही, तर काम बाजारातल्या बोर्डवाल्याला, आणि यामिनीनं पुन्हा नोकरी शोधायची. सासऱ्यांनी हे चहा पिता पिता सांगितलं होतं, म्हणजे पक्कंच.

ढ सापडला होता. व सापडला होता. ज्या प्रेसनं पिशव्या छापल्या, तो कधीच बंद झालेला; तरी त्याचा जुना हिंदी फॉन्ट यामिनीनं शोधून काढला होता. इकडच्या हिंदी मुलखात ळ लागतच नाही, त्यामुळे त्यात तो नव्हताच. पिशवीवरून गिरवावा, तर धुऊन धुऊन फिसकटलेलं अक्षर चार फुटांचं केलं की जिलबी दिसायची.

"सातशे फॉन्ट पाहिले, काका," ती म्हणाली. "याच्यासारखा ळ कुठंच नाही. याचं डावं पोट लहान, उजवं मोठं."

ह्यांनी भिंगातून पिशवी पाहिली आणि अर्ध्या तासात निष्कर्ष काढला: अक्षर काढणारा डावखुरा होता. पोहे आल्यावर तो एका डोळ्यानं अधू झाला. दुसरा चहा होईतो लंगडत होता. मी म्हटलं, बिचाऱ्याला आता बसू द्या, आणि मालकालाच जाऊन विचारा.

आम्ही तिघं पंडरीत गेलो, तर गंगाधररावांनी ठरलेली गोष्ट सांगितली. वीस-बावीस वर्षांपूर्वी तो ळ पुण्याच्या कारागिराकडून खास काढून आणवला होता. पंधरा दिवस लागले. नाव विचारलं तर विसरलेले. ही गोष्ट गिऱ्हाइकांना तोंडपाठ होती. नवी पिशवी मागताना गिऱ्हाइकंच ती गंगाधररावांना ऐकवत.

इथं ह्यांना तिसरा निष्कर्ष सुचला, आणि दुर्दैवानं तो दुकान भरलेलं असताना सुचला. "दोन पोटं म्हणजे दोन भाऊ. मोठ्याचं पोट मोठं, धाकट्याचं लहान. गंगाधरराव, तुमच्या वाटणीचा हा लेखी पुरावा आहे."

भावाशी झालेल्या वाटणीचा विषय त्या दुकानात कोणी काढत नाही; गंगाधररावांनी कापडाची कात्री खाली ठेवली. "वहिनी, यांले घरी न्या," ते मला म्हणाले. "आन् यामिनी, चार नाही आता. तीन."

वाजले होते अडीच.

यामिनीनं रडायचं पुढे ढकललं आणि बाहेर येऊन सिलतऱ्याच्या पियुषला फोन लावला. पत्रा कापायच्या मशीनवर तोच असतो. तिला एक तास उधार हवा होता, म्हणून पिशवीचा फोटो पाठवून अडचण समजावली. फोन स्पीकरवर होता. पियुषनं फोटो उघडला.

"दीदी, ये बीच में अंग्रेजी के आठ को लिटाए काहे हो?"

"आठ नहीं है भैया. ळ है."

"वो हम नहीं जानते. नीचे फोन नंबर में देखो, वही आठ है. स्टील की चादर बचाने के लिए हम दिनभर अक्षर आड़े-तिरछे बिठाते हैं. लेटा हुआ भी पहचान लेते हैं."

आम्ही तिघांनी पिशवी आडवी धरली. ज्यांना ळ वाचता येतो त्यांना तो वाचूनच समाधान झालेलं. ज्याला येत नव्हता त्यानं पाहिला. यामिनीनं तिथंच पायरीवर लॅपटॉप उघडला, त्याच फॉन्टमधला इंग्रजी 8 निजवला, वरून दांडी लावली, मात्रा दिली. तंतोतंत बसला. तीनला सात मिनिटं कमी असताना फाइल गेली.

"लहान पोटावर मी पहिल्यापासून बोट ठेवलंच होतं," हे म्हणाले.

यामिनीनं आत जाऊन सासऱ्यांना हळूच सांगितलं. गंगाधररावांनी पिशवी आडवी धरून पाहिली.

"प्रेसवाल्यानं पुण्याचे म्हणून जास्तीचे पैसे घेतले होते माह्याकडून," ते म्हणाले. मग आवाज आणखी उतरला. "तोच ठेव. काम तुह्यंच. फक्त बाहेर कोणाले कळू नोको."

एवढं बोलून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी कोशाच्या रेशमी साड्यांकडे पाहिलं.

तेव्हा हिशोब असा. यामिनीला बोर्ड मिळाला आणि त्याच आठवड्यात शेजारच्या चप्पलवाल्याचंही काम. पियुषला शर्टाचं कापड पोचलं. ते कशासाठी, हे त्याला अजून समजलेलं नाही. मला कोशाची साडी, पदर भरलेला. ह्यांना पँटपीस आणि पाचवी केस. हे सगळं गंगाधररावांच्या खात्यातून.

पँटची शिलाई मी दिली.