लवणमार्गाची आणि भरतीच्या खांबाची बखर

श्रीवरुण प्रसन्न असो, ऐकणाराचे चित्त ठिकाणी असो, आणि सांगणाराचे हातून तिळभर कमी-जास्त न होवो. शके १५७४, नंदन नाम संवत्सर, माघ शुद्ध पौर्णिमेपासून पश्चिम किनारी एका राज्यात जे वर्तले, ते ऐसे.

त्या राज्याचे महाराज धर्मशील, प्रजा सुखवस्तु, आणि बंदराचे पायऱ्यांशी एक सागवानी खांब उभा होता. त्याची राखण पोशा नाखव्याची लेक हिरूबाई हिजकडे. कोणत्या तिथीस भरतीचे पाणी कोठवर चढते, याची एकेक खाच खांबावर कोरलेली, आणि त्या खाचा बरोबर ठरावयास बापाची तीस वर्षे गेली होती. बाप वारला, मग हिरूबाई रोज दोन वेळा पाण्यात उतरोन खाचेशी पाणी ताडून पाहत असे, आणि होडीवाल्यांस भरतीची घटका सांगत असे. भरती रोज दोन घटका उशिरा येते, हे तीस ठाऊक, होडीवाल्यांस ठाऊक, आणि दरबारास कधी गरज पडली नव्हती.

तो पौर्णिमेस घाटावरून लवणानंद स्वामी आले. स्वामींनी त्या दिवसापूर्वी समुद्र पाहिला नव्हता, म्हणोन त्यांचे मत स्पष्ट होते. ते म्हणाले, "अश्रू खारे, घाम खारा, रक्त खारे. जीव हा समुद्राबाहेर चुकून राहिलेला मिठाचा खडा आहे. नऊ बुड्या माराव्या, म्हणजे अहंकार विरघळतो." पुरावा मागता सांगितले, की पाण्यात शिरताच देह हलका होतो, तो गेलेल्या अहंकाराचा भार. बाहेर येताच पुन्हा जड का होतो, ऐसे एकाने विचारले, तेव्हा स्वामी म्हणाले, "संसार." मग महाराज मध्यान्ही तिसऱ्या पायरीवर उतरले, पाणी छातीस लागले, नऊ बुड्या झाल्या, आणि महाराजांस फार बरे वाटले. दिवाणजी देहाने स्थूल, ते लाकडासारखे तरंगले, म्हणोन त्यांस तेथेच सिद्धपद मिळाले. एक कृश ब्रह्मचारी होता तो तळास गेला, त्याचा अहंकार अवजड ठरला, आणि त्यास केसांस धरून बाहेर काढिले. मग हुकूम सुटला, की रोज मध्यान्ही, तिसऱ्या पायरीवर, छातीभर पाण्यात समस्तांनी बुडावे.

दुसरे दिवशी मध्यान्ही पाणी पोटाशीच होते. तिसरे दिवशी गुडघ्याशी. स्वामी म्हणाले, "दर्या परीक्षा पाहतो." हिरूबाईने दिवाणजींस गाठले आणि भल्या मनाने सांगितले, "दिवाणजी, अष्टमीस मध्यान्ही पायरीस पाणी लागणार नाही. महाराजांस उगाच तसदी नको." अष्टमी आली. पायऱ्या कोरड्या, खाली चिखल, आणि चिखलात खेकडे फिरत होते. महाराजांनी व्रत मोडले नाही, चिखलातच नऊ वेळा बसोन उठले. मग स्वामींनी विचारले, की हे आधी कोण बोलले होते, आणि दिवाणजींनी नाव सांगितले.

हिरूबाईस दरबारात आणिले. स्वामी म्हणाले, "होणार ते हिने आधी सांगितले, म्हणजे केले हिनेच. तो खांब म्हणजे दर्यास ठोकलेली मेख आहे."

हिरूबाई म्हणाली, "महाराज, मी दर्या धरीत नाही. मी मोजते."

"मोजणे म्हणजेच धरणे," स्वामी म्हणाले, आणि सभेने माना डोलविल्या.

महाराजांनी निवाडा केला, की बाईने दर्या सोडावा, नाहीतर खांब उपटोन जाळावा आणि बाईस घाटापलीकडे घालवावे. हिरूबाई घरी निघाली, तो वाटेत कोळणी हसोन म्हणाल्या, "हिरू, सोर गो तुजा दर्या, आमच्या होऱ्या चिखलान रुतल्यान." ती हसली नाही. घाटापलीकडे जाण्याचे तीस फार वाटले नाही. पण खांब जळाला तर तीस वर्षे जळतील, आणि पुढे होड्या खडकावर चढतील त्या चढतील, हे तीस खाचेइतके स्पष्ट दिसत होते. दुसरे दिवशी ती पुन्हा दरबारी गेली आणि म्हणाली, "महाराज, अमावास्येस मध्यान्ही पाणी छातीस येईल."

स्वामी म्हणाले, "येईल, की तू सोडशील?"

हिरूबाईने आजवर पाणी बोटभर चढवून सांगितले नव्हते. दिवाणजी हळूच पुटपुटले, "बाई, एक शब्द आहे. टाक आणि मोकळी हो."

"सोडते," हिरूबाई म्हणाली.

अमावास्येस मध्यान्ही पाणी तिसऱ्या पायरीवर छातीस लागले. शिंगे वाजली, स्वामींनी बाईस क्षमा केली, आणि खांब जाळणे दूरच, त्याची प्रतिष्ठापना झाली. बोटभर जाड शेंदूर चढला, रुप्याचे डोळे बसले, पहारा बसला, आणि तिसाच्या तीस खाचा बुजल्या. दुसरे दिवशी पाणी दोन घटका उशिरा आले. महाराजांनी हिरूबाईस एकांती बोलाविले. तिने तिथी, घटका, चंद्र, सारे सांगितले. महाराजांनी नेमके दोन प्रश्न विचारले आणि म्हणाले, "बाई, आम्हांस हे तिसरे दिवशीच उमजले होते. पण स्वामींचा शब्द मागे घेता येत नाही. मध्यान्हीची घंटा मात्र आमची आहे." तेव्हापासून त्या राज्यात भरती येईल तेव्हा घंटा होते, आणि घंटा होईल तेव्हा मध्यान्ह. अष्टमीस सूर्य मावळता लोक दुपारचे जेवावयास बसतात. सूर्य चुकतो याचे कारण स्वामींनी सांगितले, की तो कधी समुद्रात बुडून नऊ वेळा वर आलेला नाही, एकदाच बुडतो.

परंतु घंटा द्यावयाची तर खाचा पाहिजेत, आणि देवाचा शेंदूर खरवडता येईना. म्हणोन हिरूबाईने खाडीच्या काठी, बोंबील वाळत घालतात त्यामागे, एक बांबू रोविला. त्यावर बोटांच्या आठवणीने खाचा कोरल्या, चुकल्या त्या पाण्याशी ताडून पुन्हा कोरल्या, आणि कोणास संशय नको म्हणोन बांबूस शेळी बांधिली. अगदी तळाशी एक आडवी खूण आहे, ती कोणत्याच तिथीची नव्हे. शेजारणीने विचारिले, "ही कसली गो?" हिरूबाई म्हणाली, "दरबारात एक शब्द बोलले, त्याची."

येणेप्रमाणे स्वामीस गाव इनाम, दिवाणजींस सिद्धपद, खांबास नित्य पूजा, आणि हिरूबाईस शेळी मिळाली. बांबूस कोणी नमस्कार करीत नाही, म्हणोन तो अद्याप वाचता येतो. घडले ते इतकेच, लिहिले तेही इतकेच.